आकाशाचें अंगण : तारकांचीं ग्रहणें

मागील अंकीं आम्हीं शर्मिष्ठेच्या पांच तारकांवरून देवयानीकडे कसें उतरावें तें सांगितलें होतें. आज त्याच कुळांतील गृहस्थाकडे, म्हणजे ययातीकडे, वाचकांस न्यावयाचें आहे. उत्तरेकडील ह्या तारकासमूहांस मराठींत महाभारतांतील एका घराण्याचीं नांवें रूढ झालीं हें फार सोयीचें झालें आहे. वृषपर्वा राजा, त्याची कन्या शर्मिष्ठा, शुक्राचार्यांची कन्या देवयानी आणि उभयतांचा पति ययाति हीं सारीं आकाशांत शेजारीं शेजारीं नांदत आहेत. ह्या घरांतील दोन तारका मोठ्या विलक्षण आहेत. त्या रोज सारख्या दिसत नाहींत. ययातींतील एकीस दर तिसऱ्या दिवशीं ग्रहण लागतें, आणि वृषपर्व्यांतील दुसरी पांच दिवसांच्या तालावर फुगते व आकसते. अशा तारकांस ज्योतिःशास्त्रांत रूपविकारी तारे म्हणतात.

ग्रहणाचा विषय निघाला म्हणजे आमच्या भागांतील माणसास एक जुनी गोष्ट आठवल्यावांचून राहत नाहीं. इंदापुराहून भीमा ओलांडून ईशान्येकडे गेलें कीं करमाळे तालुक्यांतील जेऊर लागतें. मध्यें आज उजनीचें विस्तीर्ण पाणी आहे. शके १८१९ च्या पौष अमावास्येस, म्हणजे २२ जानेवारी १८९८ रोजीं, ह्या जेऊरवर खग्रास सूर्यग्रहणाची छाया पडली. तिच्यासाठीं पुण्याहून सायन्स कॉलेजांतील वेधशाळेचे चालक कावसजी दादाभाई नायगांववाला आपलीं यंत्रें घेऊन आले होते. भावनगरच्या महाराजांच्या देणगींतून उभ्या राहिलेल्या त्या वेधशाळेंत २० इंची आरशाची दुर्बीण होती. पुढें १९१२ मध्यें ती वेधशाळा बंद झाली आणि तिचीं उपकरणें कोडाईकानलास गेलीं. त्याच जेऊरच्या माळावर कॅलिफोर्नियांतील लिक वेधशाळेचे विल्यम वॅलेस कॅम्बेल हेही सपत्नीक येऊन तळ देऊन राहिले होते. सुमारें दोन मिनिटांच्या अंधारासाठीं माणसें सात समुद्र ओलांडून आमच्या ज्वारीच्या मुलखांत आलीं. ह्या कॅम्बेलसाहेबांचें नांव वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. पुढें त्यांची पुन्हां गांठ पडणार आहे.

सूर्यास ग्रहण लागतें तें चंद्र आड आल्यामुळें, हें आतां शाळेंतील पोर जाणतें. परंतु रात्रीं दिसणारा प्रत्येक तारा हा एक सूर्यच आहे. मग एखाद्या दूरच्या सूर्यासही ग्रहण लागत असेल काय? लागतें, आणि तें पाहावयास जेऊरपर्यंत जावें लागत नाहीं कीं पंचांगांतील दुर्मिळ योगाची वाट पाहावी लागत नाहीं. आपली गच्ची, थोडा अंधार आणि संयम एवढी सामग्री पुरे.

ययातींतील त्या तारकेचें नांव आल्गोल. नांव अरबी असून त्याचा अर्थ राक्षसाचें मस्तक असा आहे. एरव्हीं ती दुसऱ्या प्रतीची चांगली ठसठशीत तारका आहे. परंतु दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनीं ती मंदावूं लागते. सुमारें पांच तास तिचें तेज उतरत जातें, उतरतां उतरतां नेहमीच्या प्रकाशाचा तिसरा हिस्साच काय तो उरतो, आणि मग तितक्याच वेळांत ती पूर्ववत् होते. इटलींतील मोंतानारी ह्यानें सतराव्या शतकांतच ही गोष्ट टिपून ठेविली होती. पण ह्या विकाराला घड्याळाप्रमाणें नियम आहे हें मात्र पुढें शंभरांहून अधिक वर्षें कोणाच्या लक्षांत आलें नाहीं.

तें आलें इंग्लंडांतील यॉर्क गांवीं राहणाऱ्या एका तरुणाच्या. त्याचें नांव जॉन गुडरिक. बालपणापासून त्यास ऐकूं येत नसे. एडवर्ड पिगट नांवाचा त्याचा शेजारी व आप्त होता. त्याच्या संगतीनें गुडरिक तारे पाहूं लागला. १२ नोव्हेंबर १७८२ च्या रात्रीं आल्गोल मंद झालेली त्यानें पाहिली, आणि पुढें प्रत्येक निरभ्र रात्रीं खिडकींतून तिच्यावर पाळत ठेविली. त्या वेळीं तो अवघा अठरा वर्षांचा होता. मे १७८३ मध्यें रॉयल सोसायटीपुढें त्याचा निबंध वाचला गेला. तींत त्यानें दोन तर्क सुचविले होते. एक, तारकेभोंवतीं एखादा मोठा काळा गोल फिरत असून तो ठराविक वेळीं तिच्या आड येत असावा. दुसरा, तिच्या अंगावरच डाग असून फिरतांना ते आपल्याकडे येत असावेत. सोसायटीनें त्याच वर्षीं त्यास कोपले पदक दिलें. १७८६ च्या एप्रिलांत त्यास सोसायटीचें सभासदत्व मिळालें, आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत, वयाच्या एकविसाव्या वर्षीं, तो वारला. त्याचा पहिला तर्क खरा ठरावयास १८८९ साल उजाडावें लागलें.

येथें आम्हांस एक कबुली द्यावयाची आहे. ती ह्या सदरांत शोभेल कीं नाहीं ह्याचा पुष्कळ विचार करून अखेर लिहावयाचें ठरविलें.

१९८६ च्या सुमारास आम्ही इंदापूर तालुक्यांतील एका शाळेंत शिकवीत होतों. आश्विन महिना होता. सातवीच्या वर्गास आम्ही ध्रुवाचें आख्यान सांगत होतों, आणि प्रसंगाच्या ओघांत आम्हीं असें म्हटलें कीं, पृथ्वीवर सारें बदलतें, पण तारे बदलत नाहींत. म्हणून ऋषींनीं निश्चयास ताऱ्याची उपमा दिली. मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला. तो धनगराचा होता. बाप शेतांत मेंढरें बसवी, आणि राखणीस रात्रीं हा मुलगा वाघरेपाशीं निजे. तो म्हणाला, "गुरुजी, एक चांदणी मधीच बारीक व्हतीया, अन् पुन्यांदा मोठी व्हतीया. म्या तीनदा बगितली." आम्हीं विचारलें, "कोणती?" त्यानें खिडकीकडे, ईशान्येस हात केला आणि म्हणाला, "ती वाकड्या चांदण्यांच्या खालची."

आम्हीं काय करावयास हवें होतें? त्या रात्रीं त्याच्याबरोबर शेतावर जावयास हवें होतें. निदान 'पाहूं' एवढा एक शब्द तरी उच्चारावयास हवा होता. आम्ही म्हणालों, "चांदण्या लुकलुकतातच. सकाळीं डोळे नीट धूत जा." वर्ग हंसला. आम्हीही हंसलों. मुलगा खालीं बसला. त्यानंतर त्यानें वर्गांत पुन्हां कधीं तोंड उघडलें नाहीं. दिवाळीनंतर त्यांचा वाडा मेंढरें घेऊन कोंकणाच्या वाटेस लागला, तेव्हां तोही त्याबरोबर गेला. पुढें शाळेंत परत आला नाहीं.

कित्येक वर्षांनीं पुण्याच्या एका वाचनालयांत आम्हीं गुडरिकची हकीकत वाचली. अठरा वर्षांचा बहिरा मुलगा, खिडकी, पुन्हां पुन्हां मंद होणारी एकच तारका. आम्हीं पुस्तक मिटलें, आणि तो मागचा बाक डोळ्यांपुढें आला. शर्मिष्ठेच्या पांच तारका वांकड्यातिकड्याच दिसतात, आणि आश्विनांत रात्रीं ईशान्येस त्यांच्या खालींच ययाति उगवतो. त्या मुलानें पाहिलेली चांदणी हीच, असें आज सिद्ध करतां येणार नाहीं. परंतु तो खोटें बोलत नव्हता, आणि त्याचे डोळे धुण्याची जरूर नव्हती, एवढें निश्चित. ज्याच्याजवळ पाहण्याची साक्ष होती तो गप्प बसला, आणि ज्यानें कधीं मान वर करून पाहिलें नव्हतें त्यानें निकाल दिला. कारण एकच, आमच्या हातीं खडू होता.

असो. आतां ह्या ग्रहणाचें कारण पाहूं. आकाशांतील पुष्कळ तारे एकटे नाहींत. दोन तारे एकमेकांभोंवतीं फिरत असतात, पण अंतर इतकें अफाट कीं आपणांस दोहोंचा मिळून एकच ठिपका दिसतो. हा फेरा जर आपल्या दृष्टीच्या रेषेंत पडला, तर आळीपाळीनें एक दुसऱ्याच्या आड येतो. त्यांस पिधानकारी जोडतारे म्हणतात. पिधान म्हणजे झांकणें. अंधाऱ्या माजघरांत एक लखलखीत समई आणि एक मिणमिणता कंदील ठेवून घरांतील मुलांस हें सहज दाखवितां येईल. मिणमिणता कंदील समईच्या आड आला तर उजेड फारसा कमी होणार नाहीं. पण तोच समईपुढें धरला तर खोली एकदम अंधारेल. आल्गोलचेंही तसेंच आहे. तिच्या जोडींतील मंद तारा तेजस्वी ताऱ्याच्या पुढें येतो तेव्हां मोठें ग्रहण लागतें, आणि मागें जातो तेव्हां इतकें लहान लागतें कीं साध्या डोळ्यांस तें जाणवत नाहीं.

परंतु आड येणारें कांहीं आहे हें प्रत्यक्ष कसें कळलें? दौंडहून बारामतीस येणारी गाडी शिटी वाजवीत जवळ येते तेव्हां शिटीचा सूर चढा वाटतो आणि गाडी पुढें निघून गेली कीं तो उतरतो, हें फाटकापाशीं उभें राहिलेल्या प्रत्येकानें ऐकलें असेल. प्रकाशाचेंही असेंच होतें. जवळ येणाऱ्या ताऱ्याच्या वर्णपटांतील काळ्या रेषा निळ्या बाजूस सरकतात, दूर जाणाऱ्याच्या तांबड्या बाजूस. १८८९ मध्यें जर्मनींतील पोट्सडाम येथें फोगेल ह्यांनीं आल्गोलच्या रेषा तपासल्या, तेव्हां ग्रहणापूर्वीं ती आपल्यापासून दूर जाते आणि ग्रहणानंतर जवळ येते, असें ग्रहणाच्या हिशेबास नेमकें जुळणारें माप मिळालें. गुडरिक मरून तेव्हां १०३ वर्षें झालीं होतीं.

ह्या खटाटोपाचा उपयोग काय, असें घरांतील व्यवहारी मंडळी विचारतील. उपयोग असा कीं, तारे तोलण्याचा ह्याहून खात्रीचा तराजू मनुष्याजवळ नाहीं. ग्रहण किती वेळ टिकलें ह्यावरून ताऱ्यांचे व्यास, रेषा किती सरकल्या ह्यावरून त्यांचा वेग, आणि वेग व फेऱ्याचा काळ ह्यांवरून त्यांचें वजन काढतां येतें. आल्गोल आपल्यापासून सुमारें ९० प्रकाशवर्षें दूर आहे; म्हणजे आज दिसणारें ग्रहण वस्तुतः आपल्या आजोबांच्या काळीं लागून सुटलेलें असतें. तरीही तिच्या जोडींतील तेजस्वी तारा सूर्याच्या तिपटीहून कांहींसा जड आहे आणि मंद तारा सूर्याच्या पाऊणपटीहूनही हलका आहे, हें गच्चीवर बसून केलेल्या नोंदीपासून सुरुवात करून मनुष्यानें ठरविलें. दोहोंमधील अंतर पृथ्वी आणि सूर्य ह्यांमधील अंतराच्या सोळाव्या हिश्श्याइतकेंच आहे.

ह्या वजनांतून एक कोडें उभें राहिलें. जड तारा आपलें इंधन लवकर जाळतो, हा तारकांचा धर्म आहे. मोठी वात तेल लवकर पिते, तसाच. म्हणजे जोडींतील जड तारा आधीं म्हातारा व्हावयास हवा. आल्गोलमध्यें उलटेंच दिसलें. हलका तारा वार्धक्यानें फुगलेला, आणि जड तारा तरणाताठा. दोघे जन्मले तर एकाच वेळीं. मग हें कसें? उत्तर असें कीं, आज जो हलका आहे तो पूर्वीं जड होता. तो आधीं वृद्ध झाला, फुगला, आणि फुगतां फुगतां त्याचें द्रव्य ओघळून जवळच्या सोबत्यावर पडूं लागलें. देतां देतां तो हलका झाला आणि घेतां घेतां दुसरा जड व तेजस्वी झाला. हा व्यवहार नेमका ययाति नांवाच्या तारकासमूहांत घडावा ह्याचें आम्हांस मोठें कौतुक वाटतें. महाभारतांतील ययातीनें आपलें म्हातारपण पुरूच्या गळ्यांत घालून त्याचें तारुण्य घेतलें. आकाशांतील ययातींत म्हातारा आपली सांठवण तरुणास देत आहे. तीनतीन पिढ्या एका छपराखालीं राहणाऱ्या घरांनीं ह्यांतील कोणता कित्ता गिरवावा, हें त्यांचें त्यांनीं ठरवावें.

रूपविकारी ताऱ्यांचा दुसरा वर्ग निराळा आहे. उजनीच्या पाण्यांत पळसदेवचें जुनें मंदिर बुडतें आणि उन्हाळ्यांत पाणी ओसरलें कीं पुन्हां दिसूं लागतें. मंदिराचें रूप पालटलेलें नसतें, मध्यें पाणी येतें इतकेंच. आल्गोलची जात ही अशी. परंतु कांहीं तारे स्वतःच पालटतात. वृषपर्व्यांतील डेल्टा ही तारका ५ दिवस ९ तासांच्या आंत एकदां फुगून आकसते, आणि त्याबरोबर तिचें तेज चढतें-उतरतें. हिचा विकारही गुडरिकनेंच १७८४ मध्यें शोधला. पिगटनें त्याच वर्षीं गरुडांतील तशाच एका तारकेचा शोध लाविला होता. पुढें हार्वर्ड वेधशाळेंत काम करणाऱ्या हेन्रिएटा लेव्हिट ह्या बाईंनीं १९१२ मध्यें अशा २५ ताऱ्यांवरून दाखवून दिलें कीं, ज्याचा ताल जितका सावकाश तितकें त्याचें खरें तेज अधिक. ह्या बाईंसही ऐकूं कमी येत असे. ताल मोजला कीं खरें तेज कळतें. तें किती मंद दिसतें हें पाहिलें कीं अंतर कळतें. अशा प्रकारें विश्व मोजण्याचा गज हातीं आला. १९२३ मध्यें एडविन हबल ह्यांस देवयानींतील धूसर ठिपक्यांत ह्याच जातीचा तारा सांपडला, आणि तो ठिपका आपल्या आकाशगंगेबाहेरील दुसरें तारकाविश्व असल्याचें ठरलें. त्याचें अंतर आज सुमारें २५ लाख प्रकाशवर्षें मानतात. श्वशुराच्या गृहीं मिळालेल्या गजानें सुनेचें अंतर मोजावें, असें घडत नाहीं. येथें मात्र वृषपर्व्याच्या गजानें त्याच्या कन्येच्या सवतीचें अंतर मोजलें गेलें.

तांबड्या म्हाताऱ्या ताऱ्यांचे विकार ह्याहून संथ असतात. तिमिंगलांतील मीरा हा तारा डेव्हिड फाब्रिसियस ह्यानें १५९६ मध्यें पाहिला; तो सुमारें ३३२ दिवसांत साध्या डोळ्यांस दिसूं लागतो आणि पुन्हां नाहींसा होतो. मृगांतील काक्षी, जिला आपण आर्द्रेची योगतारा मानतों, ती तर २०१९ च्या अखेरीपासून २०२० च्या फेब्रुवारीपर्यंत इतकी मंदावली कीं नेहमीच्या तेजाच्या निम्म्याहूनही कमी प्रकाश उरला. तिनें स्वतःच बाहेर टाकलेल्या द्रव्याची धूळ होऊन ती आड आली, असें पुढें निष्पन्न झालें.

आतां कॅम्बेलसाहेबांकडे वळूं. जेऊरहून परतल्यावर दुसऱ्याच वर्षीं, १८९९ मध्यें, त्यांनीं वर्णपटावरून दोन शोध जाहीर केले. सारथींतील ब्रह्महृदय हा एक तारा नसून जोडी आहे; आणि आपला ध्रुवही एकटा नाहीं. १९११ मध्यें हर्ट्झस्प्रुंग ह्यांनीं आणखी दाखविलें कीं, ध्रुव हा डेल्टाच्याच जातीचा असून सुमारें चार दिवसांच्या तालावर किंचित् कमीजास्त होतो. तो फरक डोळ्यांस कळण्याजोगा नाहीं, पण आहे. वसिष्ठाची कथाही अशीच. १८८९ मध्यें हार्वर्डच्या पिकरिंग ह्यांनीं वसिष्ठाची मुख्य तारका ही वर्णपटावरून जोडी असल्याचें दाखविलें.

विवाहाच्या संध्याकाळीं वधूवरांस ध्रुव आणि अरुंधती दाखविण्याचा विधि आपल्या गृह्यसूत्रांत आहे. हल्लीं तो मांडवाच्या पत्र्याकडे बोट करून भर दुपारीं उरकतात, ही गोष्ट वेगळी. ध्रुवही अढळ नाहीं असें ऐकून कोणा वृद्ध मातुःश्रींस वाईट वाटेल. त्यांस आमचें सांगणें असें कीं, धातुपाठ उघडून पाहावा. तेथें ध्रु ह्या धातूचे अर्थ गति आणि स्थैर्य असे दोनही दिलेले आहेत. संसार करणाऱ्यांस ह्यांत विचित्र असें कांहीं वाटूं नये. ज्या घराला आपण स्थिर म्हणतों तेंही आंतून श्वास घेतच असतें. विधीमध्यें ध्रुवाकडे पाहावयास सांगितलें आहे, आणि पाहणें हाच त्यांतील सार आहे. आम्हीं त्या वर्गांत ध्रुवाचें आख्यान सांगितलें. पाहणाऱ्यास मात्र खालीं बसविलें.

हें शास्त्र मोठ्या वेधशाळांपुरतेंच आहे असें कोणी समजूं नये. जेसोर येथें सरकारी खजिन्यांत कारकुनी करणारे राधागोविंद चंद्र ह्यांस प्रवेशपरीक्षेंत यश आलें नव्हतें. तरी त्यांनीं १९१९ ते १९५४ ह्या काळांत रूपविकारी ताऱ्यांच्या सदतीस हजारांहून अधिक नोंदी केल्या. अमेरिकेंतील निरीक्षकांच्या संघटनेनें त्यांचें काम पाहून १९२६ मध्यें सहा इंची दुर्बीण त्यांच्याकडे धाडली. आपल्या पुण्यांतही हौशी निरीक्षकांची ज्योतिर्विद्या परिसंस्था १९४४ पासून आहे. आणि मोठ्या यंत्रांचेंच बोलावयाचें तर कुरुंदवाड येथें १९५६ मध्यें जन्मलेले श्रीनिवास कुलकर्णी ह्यांच्या पुढाकारानें कॅलिफोर्नियांत पालोमार येथें जी आकाशाची टेहळणी उभी राहिली, तींतून २०१९ मध्यें एक अद्भुत जोडी सांपडली. दोन श्वेत बटु तारे सात मिनिटांच्या आंत एकमेकांभोंवतीं एक फेरा पुरा करतात, आणि प्रत्येक फेऱ्यांत ग्रहण लागतें. पोथीचा एक अध्याय संपण्यापूर्वीं तेथें ग्रहण लागून सुटतें.

आतां प्रत्यक्ष कृति सांगतों. मार्गशीर्ष-पौषांत रात्रीं आठ-नऊच्या सुमारास उत्तरेकडे तोंड करून उभें राहावें. ययाति डोक्यापासून जरा उत्तरेस असतो. बारामतीच्या दिव्यांच्या झगमगाटांतही आल्गोल दिसते. पण इंदापुराकडील एखाद्या मळ्यावर जावें हें उत्तम. दहा-पंधरा मिनिटें दिवा व फोन दूर ठेवून डोळ्यांस अंधाराची संवय करावी. मग आल्गोलची तुलना देवयानीच्या पायांतील तेजस्वी तारकेशीं करावी. दोन्ही जवळजवळ सारख्या दिसल्या तर ग्रहण नाहीं. आल्गोल ययातींतील एप्सिलॉन व डेल्टा ह्या दोन तारकांहूनही मंद वाटली तर समजावें कीं ग्रहणाचा मध्य जवळ आहे. असा मध्य एकदां सांपडला कीं पुढील हिशेब मुलांकडून करवावा. तीन दिवसांतून ३ तास ११ मिनिटें वजा करावीं. आज रात्रीं दोन वाजतां मध्य असेल, तर तीन रात्रींनीं १० वाजून ४९ मिनिटांनीं आणि आणखी तीन रात्रींनीं संध्याकाळीं ७ वाजून ३८ मिनिटांनीं तो येईल. मोठ्यांनीं उत्तर आधीं सांगूं नये. मुलानें गणित मांडावें, वहींत लिहावें, आणि ठरल्या वेळीं गच्चीवर जाऊन तें खरें झालेलें आपल्या डोळ्यांनीं पाहावें. ह्या ग्रहणास वेध नाहींत. सून गर्भवती असली तरी तिनें अवश्य यावें. शाल मात्र घ्यावी.

ही वही घरांत जपून ठेवावी, असें आम्ही आग्रहानें सांगतों. ब्रह्महृदयाच्या शेजारीं एप्सिलॉन नांवाची एक साधी तारका आहे. तिला २७ वर्षांतून एकदां ग्रहण लागतें, आणि तें सुमारें दोन वर्षें टिकतें. तिच्या सोबत्याभोंवतालची धुळीची प्रचंड तबकडी आड येते. मागील ग्रहण २००९ ते २०११ ह्या काळांत झालें. पुढील २०३६ मध्यें लागेल. तें पाहावयास आम्ही असूं वा नसूं. आज ज्या नातवंडास आपण कडेवर घेऊन तारे दाखवितां, तें तेव्हां वही हातीं धरील.

आणि त्यांतील एखादें पोर जर कधीं म्हणालें कीं, "आजोबा, ती चांदणी काल मोठी होती," तर वाचकांनीं आमच्यासारखें करूं नये. चप्पल पायांत घालून त्याच्याबरोबर बाहेर जावें. ज्या मुलाकडे आमचें हें देणें राहिलें आहे, तो आतां पन्नाशीच्या घरांत असेल. हें मासिक त्याच्या घरीं जात नसावें. तरी हें येथें लिहून ठेवितों.

पुढील अंकीं सारथी आणि ब्रह्महृदय.